अपिलार्थी गैरहजर, अपील मात्र जिवंत

फौजदारी खटल्यात दोषी ठरलेल्या व्यक्तीला वरच्या न्यायालयात दाद मागण्याचा हक्क कायद्याने दिला आहे. अपील दाखल होते, शिक्षेला स्थगिती मिळते, आरोपी जामिनावर बाहेर येतो आणि अपील सुनावणीच्या प्रतीक्षेत पडून राहते. काही वर्षांनी, कित्येकदा काही दशकांनी, ते प्रकरण न्यायालयाच्या बोर्डावर येते. पुकारा होतो, पण अपिलार्थी हजर नसतो आणि त्याचे वकीलही उभे राहत नाहीत. अपील करणाऱ्यालाच त्यात रस उरलेला नाही, असे म्हणून न्यायालयाने ते तेवढ्याच कारणावरून फेटाळावे काय, हा प्रश्न भारतीय न्यायालयांपुढे गेली पन्नासहून अधिक वर्षे वारंवार आला आहे.

सर्वोच्च न्यायालयाने त्याचे उत्तर १९९६ मध्ये निःसंदिग्धपणे दिले. अपिलार्थी गैरहजर आहे, एवढ्या कारणावरून फौजदारी अपील फेटाळता येत नाही. खालच्या न्यायालयाचे निकालपत्र आणि खटल्याचे मूळ कागदपत्र वाचून, गुणवत्तेवरच त्याचा निकाल द्यावा लागतो. नियम दोन ओळींत मावणारा असला तरी तो प्रस्थापित व्हायला बराच काळ लागला आणि त्याच्या दोन्ही बाजूंना खऱ्या माणसांचे हित गुंतलेले आहे. एका बाजूला कदाचित चुकीने दोषी ठरलेला आणि आपल्या अपिलाचे काय झाले याचा पत्ताही नसलेला माणूस असतो. दुसऱ्या बाजूला शिक्षा जाहीर होऊनही तिची अंमलबजावणी न पाहिलेले पीडित कुटुंब असते.

निर्मळ ते फोर्ट : अपिलाचा प्रवास

वसई तालुक्यातील निर्मळ हे गाव तेथील तलाव, शंकराचार्यांची समाधी आणि कार्तिक महिन्यातील यात्रा यांसाठी सर्वदूर परिचित आहे. अशा गावातील एखाद्या रहिवाशावर मारहाणीचा, फसवणुकीचा किंवा धनादेश न वटल्याचा खटला चालला, असे उदाहरणापुरते समजू. खटला वसईच्या प्रथम वर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांपुढे चालून शिक्षा झाली तर अपील सत्र न्यायालयाकडे जाते आणि त्यासाठी ३० दिवसांची मुदत असते. गुन्हा गंभीर असून खटला मुळातच सत्र न्यायालयात चालला असेल, तर अपील थेट मुंबई उच्च न्यायालयात दाखल करावे लागते आणि त्यासाठी सर्वसाधारणपणे ६० दिवस मिळतात. जन्मठेपेसारख्या शिक्षेविरुद्धची अपिले दोन न्यायमूर्तींच्या खंडपीठापुढे चालतात.

नालासोपारा स्थानकापासून चर्चगेटपर्यंतचे अंतर सुमारे ५५ किलोमीटर आहे. लोकल गाडीचा हा प्रवास वसईकरांच्या अंगवळणी पडलेला असला, तरी अपिलाचा प्रवास तेवढा सरळ नसतो. शिक्षा तीन वर्षांपर्यंतची असेल आणि आरोपी खटल्याच्या काळात जामिनावर असेल, तर अपील दाखल करण्यापुरता अवधी मिळावा म्हणून शिक्षा देणारे न्यायालयच त्याची सुटका करू शकते. त्यानंतर शिक्षेला स्थगिती द्यायची की नाही, हे अपील न्यायालय ठरवते. १९७७ मध्ये काश्मिरा सिंग प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने असे मत मांडले, की अपिलाची सुनावणी वाजवी काळात करणे न्यायालयालाच शक्य नसेल, तर दरम्यानच्या काळात दोषी व्यक्तीला तुरुंगात ठेवणे न्याय्य ठरत नाही. अखेरीस ती निर्दोष ठरली तर तिच्या आयुष्यातील गेलेली वर्षे कोणीही परत देऊ शकत नाही, हे त्यामागचे साधे तत्त्व होते.

या उदार तत्त्वाची दुसरी बाजू अशी, की एकदा जामीन मिळाला की अपील लवकर चालावे अशी निकड अपिलार्थीला उरत नाही. शिक्षा स्थगित असते आणि आयुष्य पुन्हा मार्गी लागलेले असते. अपील मात्र न्यायालयाच्या दप्तरात पडून राहते.

अपील बेवारस का होते

सर्वच अपिले जाणूनबुजून सोडून दिलेली नसतात. अपिलार्थी हजर न राहण्याची कारणे अनेक असतात आणि त्यांतील बरीच कारणे अगदी सामान्य असतात. वकील निवृत्त होतात, त्यांचे निधन होते किंवा त्यांची न्यायाधीशपदी नेमणूक होते, आणि पक्षकाराला त्याची वार्ताही नसते. पक्षकाराचे वकिलाशी शुल्कावरून बिनसते. उच्च न्यायालयात वकीलपत्र दाखल करून दिले म्हणजे आपले काम संपले, अशी अनेकांची समजूत असते. काही जण अपील प्रलंबित असल्याचे विसरूनच जातात. काहींच्या बाबतीत मात्र बेपत्ता होणे हा हिशेबी निर्णय असतो.

पत्त्याचा प्रश्न वसईसारख्या झपाट्याने बदललेल्या भागात विशेष जाणवणारा आहे. जुन्या अपिलांत अपिलार्थीचा पत्ता 'तालुका वसई, जिल्हा ठाणे' असा लिहिलेला असतो. ३ जुलै २००९ रोजी वसई-विरार शहर महानगरपालिका स्थापन झाली. १ ऑगस्ट २०१४ रोजी ठाणे जिल्ह्याचे विभाजन होऊन वसई तालुका नव्या पालघर जिल्ह्यात गेला. २०२० मध्ये मीरा-भाईंदर, वसई-विरार पोलीस आयुक्तालय अस्तित्वात आल्यावर पोलिसांची प्रशासकीय रचनाही बदलली. दरम्यान चाळींच्या जागी इमारती उभ्या राहिल्या आणि भाडेकरू पांगले. उच्च न्यायालयाची नोटीस पोलिसांमार्फत जुन्या पत्त्यावर जाते आणि 'सदर इसम या पत्त्यावर राहत नाही' असा शेरा घेऊन परत येते. हा शेरा पळून गेलेल्या आरोपीच्या बाबतीतही सारखाच असतो आणि केवळ घर बदललेल्या माणसाच्या बाबतीतही सारखाच असतो. कागदावर या दोघांत फरक दिसत नाही, आणि म्हणूनच केवळ गैरहजेरीवरून निष्कर्ष काढणे धोक्याचे ठरते.

कायद्याची शब्दरचना

१९७३ ची फौजदारी प्रक्रिया संहिता १ जुलै २०२४ पासून जाऊन तिच्या जागी भारतीय नागरिक सुरक्षा संहिता आली. त्या दिवशी प्रलंबित असलेली अपिले मात्र जुन्या संहितेनुसारच निकाली काढायची आहेत. या विषयापुरते दोन्ही कायद्यांचे सूत्र सारखेच आहे, क्रमांक तेवढे वेगळे आहेत.

अपील दाखल झाल्यावर न्यायालय प्रथम त्याची छाननी करते. हस्तक्षेपाला पुरेसे कारण नाही असे दिसल्यास ते प्राथमिक टप्प्यावरच फेटाळता येते (जुने कलम ३८४, नवे ४२५). तेथेही अपिलार्थीला किंवा त्याच्या वकिलाला बाजू मांडण्याची वाजवी संधी द्यावी लागते. अपील या टप्प्यावर फेटाळले गेले नाही, तर सुनावणीची वेळ आणि ठिकाण यांची नोटीस अपिलार्थीला किंवा त्याच्या वकिलाला, तसेच सरकारपक्षाला दिली जाते आणि खालच्या न्यायालयातील कागदपत्र मागवले जाते (जुने कलम ३८५, नवे ४२६). 'किंवा' हा शब्द येथे महत्त्वाचा आहे. नोटीस वकिलाला मिळाली तरी कायद्याची पूर्तता होते. ती वकिलाकडून पक्षकारापर्यंत पोहोचली की नाही, हा त्या दोघांमधला प्रश्न राहतो.

त्यापुढील तरतूद (जुने कलम ३८६, नवे ४२७) हा या विषयाचा गाभा आहे. न्यायालयाने कागदपत्र वाचल्यानंतर, आणि अपिलार्थी किंवा त्याचा वकील हजर असल्यास त्याचे म्हणणे ऐकल्यानंतर, निर्णय द्यावा, असे तेथे म्हटले आहे. म्हणणे ऐकण्याला 'हजर असल्यास' अशी अट जोडलेली आहे. कागदपत्र वाचण्याला मात्र कोणतीही अट नाही. कोणी येवो अथवा न येवो, दप्तर वाचण्याचे कर्तव्य न्यायालयाला चुकत नाही.

सर्वोच्च न्यायालयाची वाटचाल

१९७१ मध्ये श्यामदेव पांडे विरुद्ध बिहार राज्य या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने या तरतुदीचा हाच अर्थ लावला. अपील एकदा दाखल करून घेतल्यावर अपिलार्थी किंवा त्याचा वकील गैरहजर असला तरी कागदपत्र पाहिल्याशिवाय ते निकाली काढता येणार नाही, असे त्या निकालात सांगण्यात आले.

१९८७ मध्ये मात्र दोन न्यायमूर्तींच्या पीठाने रामनरेश यादव विरुद्ध बिहार राज्य या प्रकरणात वेगळा सूर लावला. वकिलाचे म्हणणे ऐकल्याशिवाय न्यायालयाने गुणवत्तेवर निकाल देऊ नये. शिस्त राखण्यासाठी हवे तर पाठपुरावा न केल्याच्या कारणावरून अपील फेटाळावे, असे त्या पीठाचे म्हणणे होते. न ऐकता दोषी ठरवू नये, ही त्यामागची भावना समजण्यासारखी होती. परिणाम मात्र उलटा झाला. ऐकून घेतले नाही म्हणून गुणवत्तेवर निकाल नाही आणि हजर नाही म्हणून अपीलही नाही, अशा कात्रीत अपिलार्थी सापडला. एकाही न्यायाधीशाने दप्तर न उघडता त्याची शिक्षा कायम होण्याचा मार्ग त्यामुळे मोकळा झाला.

हा विसंवाद १९९६ मध्ये बनी सिंग विरुद्ध उत्तर प्रदेश राज्य या प्रकरणात संपला. अलाहाबाद उच्च न्यायालयाने अपिलार्थी आणि वकील दोघेही गैरहजर असल्याने अपील फेटाळले होते. सरन्यायाधीश ए. एम. अहमदी यांच्या अध्यक्षतेखालील तीन न्यायमूर्तींच्या पीठाने तो आदेश रद्द केला आणि १९८७ चा दृष्टिकोन नाकारून १९७१ चा मूळ अर्थ बहुतांशी उचलून धरला. पाठपुराव्याअभावी फौजदारी अपील फेटाळण्याची कल्पना संहितेत नाही, असे पीठाने स्पष्ट केले. त्याचबरोबर दुसरी बाजूही ठामपणे मांडली. नोटीस दिल्यावर हजर राहणे ही अपिलार्थीची आणि त्याच्या वकिलाची जबाबदारी आहे. ते आले नाहीत म्हणून तारीख पुढे ढकलण्याचे बंधन न्यायालयावर नाही. न्यायालयाने कागदपत्र आणि निकालपत्र वाचावे आणि निर्णय द्यावा. अपिलार्थी तुरुंगात असेल आणि त्याचा वकील आला नसेल, तर मात्र सुनावणी पुढे ढकलणे किंवा सरकारी खर्चाने वकील नेमणे उचित ठरते, कारण तुरुंगातील माणूस स्वतःच्या मर्जीने न्यायालयात येऊ शकत नाही.

यानंतरही वेगळे सूर उमटत राहिले. २०११ मध्ये आसाममधील मोहम्मद सुकूर अली प्रकरणात वकिलाच्या गैरहजेरीत आरोपीविरुद्ध निकाल देऊ नये, न्यायमित्र नेमावा, असे सांगण्यात आले. २०१३ मध्ये के. एस. पांडुरंग विरुद्ध कर्नाटक राज्य या निकालाने त्यावर खुलासा केला. तीन न्यायमूर्तींचा १९९६ चा निर्णय बंधनकारक असून, गैरहजर अपिलार्थीसाठी न्यायमित्र नेमणे हे इष्ट असले तरी प्रत्येक वेळी अनिवार्य नाही, असे न्यायालयाने सांगितले. केवळ गैरहजेरीवरून अपील फेटाळणे मात्र कोणत्याही परिस्थितीत चालणार नाही, हेही त्याच निकालात पुन्हा बजावण्यात आले.

२०१३ च्याच सूर्य बक्ष सिंग प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने नाण्याची दुसरी बाजू पाहिली. शिक्षेला स्थगिती मिळवायची आणि मग अपील वाऱ्यावर सोडून अदृश्य व्हायचे, या वाढत्या प्रवृत्तीबद्दल न्यायालयाने तीव्र चिंता व्यक्त केली आणि न्यायप्रक्रियेचा असा गैरवापर रोखण्यासाठी उच्च न्यायालयांच्या अंगभूत अधिकारांकडेही लक्ष वेधले.

बेपत्ता अपिलार्थीबाबतचा प्रश्न २०२२ मध्ये धनंजय राय विरुद्ध बिहार राज्य या प्रकरणात पुन्हा उपस्थित झाला. अपिलार्थी फरारी आहे आणि त्याने न्यायप्रक्रियेचा गैरफायदा घेतला आहे, या कारणावरून पाटणा उच्च न्यायालयाने अपील फेटाळले होते. न्या. अभय ओक आणि न्या. एम. एम. सुंदरेश यांच्या पीठाने तो आदेश रद्द करून अपील फेरसुनावणीसाठी परत पाठवले. न्या. ओक यांच्या वकिलीची सुरुवात ठाण्याच्या जिल्हा न्यायालयात झाली होती. वसईतील खटले पूर्वी याच जिल्ह्याच्या न्यायव्यवस्थेत मोडत असत. फरारी आरोपीचे वर्तन संतापजनक असले तरी त्या संतापापोटी त्याचे अपील न वाचता निकाली काढता येत नाही, हा या निकालाचा सारांश होय.

'फेटाळले' या एका शब्दाचा इतिहास

न वाचता किंवा कारण न देता अपील संपवण्याच्या पद्धतीला महाराष्ट्रातील प्रकरणांतूनच फार पूर्वी आक्षेप घेतला गेला होता. मुंबई उच्च न्यायालयात फौजदारी अपिले प्राथमिक टप्प्यावर 'फेटाळले' एवढ्या एकाच शब्दाच्या आदेशाने निकाली निघत असत. गोविंदा कदम विरुद्ध महाराष्ट्र राज्य या १९७० मध्ये प्रसिद्ध झालेल्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने या पद्धतीबद्दल नापसंती व्यक्त केली. अपिलात विचार करण्याजोगे मुद्दे असताना एकशब्दी आदेश दिल्यास उच्च न्यायालयाने नेमका कोणता विचार केला, हे वरच्या न्यायालयाला कळत नाही आणि अपिलार्थीलाही कळत नाही, हा आक्षेपाचा रोख होता.

१९७८ चे होसकोट विरुद्ध महाराष्ट्र राज्य हे प्रकरण याहून अधिक महत्त्वाचे आहे. मुंबई उच्च न्यायालयाने शिक्षा वाढवल्यानंतर सर्वोच्च न्यायालयात येण्यास अपिलार्थीला कित्येक वर्षांचा विलंब झाला. निकालपत्राची प्रत वेळेत हाती न पडल्याचे कारण त्याने दिले. न्या. व्ही. आर. कृष्ण अय्यर यांनी या निमित्ताने अपिलाच्या हक्काचे दोन आधारस्तंभ सांगितले. पहिला, दोषी व्यक्तीला निकालपत्राची प्रत वेळेत आणि विनामूल्य मिळाली पाहिजे. दुसरा, कैद्याला वकील नेमणे परवडत नसेल तर तो सरकारने पुरवला पाहिजे. हे दोन्ही नसतील तर अपिलाचा हक्क कागदावरच राहतो. 'अपील सोडून दिले' असे ज्याच्याबद्दल म्हटले जाते, त्याला ते चालवण्याची साधने होती काय, हा प्रश्न या निकालामुळे आधी विचारावा लागतो.

दिवाणी आणि फौजदारी : उलट नियम

दिवाणी अपिलांची सवय असलेल्या पक्षकारांचा येथे हमखास गोंधळ होतो. दिवाणी प्रक्रिया संहितेतील आदेश ४१, नियम १७ नुसार अपिलार्थी गैरहजर राहिल्यास न्यायालय त्याचे अपील फेटाळू शकते. मात्र तेथे गुणवत्तेवर निकाल देता येत नाही, असे १९७६ च्या दुरुस्तीने स्पष्ट केले आहे. गैरहजेरीचे सबळ कारण दाखवल्यास नियम १९ खाली ते अपील पुन्हा पटावर घेता येते.

फौजदारी अपिलात हे सूत्र नेमके उलटे होते. गैरहजेरीवरून फेटाळता येत नाही, पण गैरहजेरीत गुणवत्तेवर निकाल देता येतो. असा निकाल एकदा दिला गेला, की लेखनातील चूक दुरुस्त करण्यापलीकडे त्यात बदल करण्याचा अधिकार त्या न्यायालयाला राहत नाही (जुने कलम ३६२, नवे ४०३). 'मला तारीख माहीत नव्हती' असे सांगत नंतर आलेल्या अपिलार्थीला मग त्याच न्यायालयात दार उघडे नसते. त्याला वरच्या न्यायालयातच जावे लागते. गुणवत्तेवर निर्णय घेण्याचा नियम हे आरोपीचे संरक्षण आहे, तसाच तो त्याच्यासाठी इशाराही आहे.

दिवाणी दाव्यात बहुधा मालमत्तेचा किंवा पैशाचा प्रश्न असतो. फौजदारी अपिलात माणसाचे स्वातंत्र्य पणाला लागलेले असते, म्हणून कायदा हा भेद करतो. शिवाय एखाद्याला दोषी ठरवणारा निकाल बरोबर आहे की नाही, यात केवळ त्या व्यक्तीचेच हित नसते. एकाच खटल्यातील सहआरोपीच्या अपिलात पुरावा अविश्वसनीय ठरला, तर त्याचा फायदा सारख्याच स्थितीतील पण अपील न केलेल्या आरोपीलाही देता येतो, असे सर्वोच्च न्यायालयाने अनेकदा म्हटले आहे. ज्याने अपीलच केले नाही त्याला हा लाभ मिळू शकत असेल, तर अपील करून गैरहजर राहिलेल्याचे कागद निदान वाचले जावेत, ही अपेक्षा अवाजवी नाही.

अपिलार्थीचे निधन झाल्यास

जुन्या अपिलांत अपिलार्थी गैरहजर असण्याचे आणखी एक कारण म्हणजे त्याचा मृत्यू. शिक्षा झालेल्या अपिलार्थीचे निधन झाल्यास अपील सर्वसाधारणपणे संपुष्टात येते. दंडाच्या शिक्षेविरुद्धचे अपील मात्र चालू राहते, कारण दंडाचा भार मृताच्या मालमत्तेवर येऊ शकतो (जुने कलम ३९४, नवे ४३५). कैदेची किंवा फाशीची शिक्षा असल्यास आई-वडील, पती किंवा पत्नी, मुले-नातवंडे, भाऊ किंवा बहीण यांना अपील पुढे चालवण्याची परवानगी मागता येते. त्यासाठी निधनापासून ३० दिवसांची मुदत आहे.

ही तरतूद फारशी कोणाला माहीत नसते. लाचलुचपतीच्या खटल्यात शिक्षा होऊन नोकरी गमावलेल्या सरकारी कर्मचाऱ्याचे उदाहरण घेता येईल. शिक्षेला स्थगिती मिळाली तरी दोषसिद्धी कायम असते. अपील प्रलंबित असताना त्याचे निधन झाले आणि घरच्यांनी काहीच केले नाही, तर दोषसिद्धीचा डाग राहतो आणि निवृत्तिवेतनासारख्या लाभांचा प्रश्नही सुटत नाही. वारसांनी अपील चालवल्यास त्या निकालाची फेरतपासणी होऊ शकते.

अपील फेटाळल्यावर काय होते

जामिनावर असलेल्या अपिलार्थीचे अपील गुणवत्तेवर फेटाळले गेले, की शिक्षेची स्थगिती संपते. त्याला शरण येण्याचा आदेश होतो आणि तो न आल्यास खालच्या न्यायालयामार्फत अटकेचे वॉरंट निघते. जामिनावर बाहेर काढलेला काळ शिक्षेत धरला जात नाही, असे संहितेत स्पष्टपणे म्हटले आहे (जुने कलम ३८९, नवे ४३०). वीस वर्षे जामिनावर असलेल्या व्यक्तीला सात वर्षांची शिक्षा झाली असेल, तर आधी प्रत्यक्ष भोगलेली कैद वजा जाता उरलेली सर्व शिक्षा तिला त्या वयात भोगावी लागते. तरुणपणी शिक्षा झालेला माणूस साठीत तुरुंगात जातो, तो या गणितामुळेच.

जामीनदारही यातून सुटत नाही. अपिलार्थी हजर राहिला नाही तर जामीनपत्रातील रक्कम जप्त होऊ शकते आणि जामीनदाराला ती भरावी लागू शकते (जुने कलम ४४६, नवे ४९१). शेजारधर्म म्हणून किंवा नात्यापोटी जमिनीचा सातबारा अथवा पगारपत्रक देऊन उभा राहिलेला माणूस अनेक वर्षांनी नोटीस हाती पडल्यावर चक्रावून जातो. जामिनावर सुटून पुरेशा कारणाविना न्यायालयात हजर न राहणे हा स्वतंत्र गुन्हाही आहे. भारतीय न्याय संहितेच्या कलम २६९ नुसार त्यासाठी एक वर्षापर्यंत कैद, दंड किंवा दोन्ही होऊ शकतात.

पीडिताच्या बाजूने

अपील रखडणे ही पीडितांच्या दृष्टीने केवळ मनस्तापाची बाब नसते. अपील करण्याजोग्या खटल्यात दंडाच्या रकमेतून पीडिताला भरपाई देण्याचा आदेश झाला असेल, तर अपिलाचा निकाल लागेपर्यंत ती रक्कम देता येत नाही (जुने कलम ३५७, नवे ३९५). जप्त केलेला मुद्देमालही अनेकदा अपिलाच्या निकालाची वाट पाहत राहतो. अपिलार्थी बेपत्ता झाला म्हणून अपील तसेच पडून राहिले, तर त्याचा थेट फटका ज्याच्यावर अन्याय झाला त्याला बसतो.

१९९६ च्या निकालातील 'तारीख पुढे ढकलण्याचे बंधन नाही' हे सूत्र म्हणूनच पीडितांच्याही हिताचे आहे. गैरहजेरीचा उपयोग ढालीसारखा करून कोणालाही अपील अमर्याद लांबवता येणार नाही, असा त्याचा अर्थ होतो. धनादेश न वटल्याच्या प्रकरणांत तर कायद्याने आणखी एक पाऊल टाकले. १ सप्टेंबर २०१८ पासून लागू झालेल्या दुरुस्तीनुसार अशा शिक्षेविरुद्ध अपील करणाऱ्याला दंडाच्या किंवा भरपाईच्या रकमेपैकी किमान २० टक्के रक्कम जमा करण्याचा आदेश अपील न्यायालय देऊ शकते. केवळ वेळ काढण्यासाठी अपील करण्याला आळा बसावा, हा तिचा हेतू आहे.

नव्या संहितेत फरारी व्यक्तींबाबत वेगळी तरतूद आली आहे. कलम ३५६ नुसार गंभीर गुन्ह्यातील घोषित फरारी आरोपीविरुद्ध त्याच्या गैरहजेरीत खटला चालवून निकाल देता येतो. अशा निकालाविरुद्ध अपील करायचे असल्यास त्याला आधी अपील न्यायालयापुढे हजर व्हावे लागते आणि निकालापासून तीन वर्षे उलटल्यावर अपील करता येत नाही. ही तरतूद खटल्याच्या टप्प्यावर फरारी झालेल्यांसाठी आहे. रीतसर शिक्षा होऊन, अपील दाखल होऊन मग गैरहजर राहिलेल्यांच्या बाबतीत कागदपत्र वाचण्याचा जुना नियमच कायम आहे.

सरकारी वकील आणि न्यायमित्र

अपिलार्थीच्या गैरहजेरीत होणाऱ्या सुनावणीत न्यायालयापुढे सरकारी वकिलाचीच बाजू असते. पुरावा शेकडो पानांचा असतो. साक्षीदारांच्या उलटतपासणीतील एखाद्या ओळीत आरोपीच्या बाजूचा मुद्दा दडलेला असू शकतो आणि तो दाखवून देणारे कोणीच नसते. त्यामुळेच अनेक न्यायमूर्ती सक्ती नसतानाही न्यायमित्र नेमतात किंवा उच्च न्यायालय विधी सेवा समितीकडून वकील मागवतात. २०१९ च्या अनोखीलाल प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने या नेमणुकांसाठी काही निकष घालून दिले. जन्मठेप किंवा फाशी होऊ शकेल अशा खटल्यांत किमान दहा वर्षे वकिली केलेल्याच व्यक्तीला नेमावे आणि तयारीसाठी साधारणपणे किमान सात दिवस द्यावेत, असे त्यात म्हटले आहे. पुकाऱ्याच्या क्षणी सभागृहात बसलेल्या एखाद्या कनिष्ठ वकिलाच्या हाती दप्तर देऊन लगेच युक्तिवाद करायला लावणे म्हणजे बाजू ऐकणे नव्हे.

अपिलार्थीने घ्यावयाची दक्षता

अपील प्रलंबित असलेल्या व्यक्तीने काही साध्या गोष्टी सांभाळल्या तर तिच्या गैरहजेरीत निकाल लागण्याची वेळ सहसा येत नाही. अपिलाचा क्रमांक आणि वर्ष घरात लिहून ठेवावे व कुटुंबातील निदान एका व्यक्तीला ते ठाऊक असावे. उच्च न्यायालयाच्या आणि ई-कोर्ट सेवेच्या संकेतस्थळांवर प्रकरणाची सद्यस्थिती विनामूल्य पाहता येते. घर किंवा दूरध्वनी क्रमांक बदलल्यास तो वकिलाला कळवावा आणि जामिनाच्या अटींनुसार न्यायालयाला व पोलीस ठाण्यालाही कळवावा. वकिलाने काम थांबवले असल्यास नवे वकीलपत्र तातडीने दाखल करावे.

वकील परवडत नसेल तर विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ नुसार मोफत मदत मिळू शकते. महिला, मुले, अनुसूचित जाती-जमातींतील व्यक्ती, दिव्यांग आणि कोठडीतील व्यक्ती यांना उत्पन्नाची अट न लावता ही मदत मिळते. इतरांना ठरावीक उत्पन्नमर्यादेत ती मिळते. त्यासाठी तालुक्याच्या न्यायालयातील विधी सेवा समितीकडे अर्ज करता येतो आणि उच्च न्यायालयातील अपिलासाठी तेथील स्वतंत्र समिती आहे. तुरुंगातील कैदी आपले अपील तुरुंग अधिकाऱ्यामार्फतही पाठवू शकतो.

अपील मनापासून चालवायचेच नसेल, तरी ते तसेच सोडून देणे शहाणपणाचे नाही. वकिलाच्या सल्ल्याने न्यायालयापुढे येऊन दोषसिद्धीचा मुद्दा सोडून केवळ शिक्षा कमी करण्याची विनंती करता येते. उलटलेली वर्षे, वय, आजार, बदललेले आयुष्य यांचा विचार न्यायालये शिक्षा ठरवताना करतात. गैरहजर माणसाच्या वतीने या गोष्टी सांगणारे कोणी नसते आणि त्या खटल्याच्या जुन्या कागदांत लिहिलेल्याही नसतात. न्यायालय कागद वाचते, पण कागदाबाहेरचा माणूस त्याला त्याने स्वतः समोर आल्याशिवाय दिसत नाही.